क्युसेक किती आणि फूट किती?



पाऊस लागला की पारावर विषय एकच. "आज कोयनेतनं किती सोडलं?" कुणी तीस हजार सांगतं, कुणी पन्नास. पण तीस हजार काय, असं विचारलं की मंडळी गप्प!

एक क्युसेक म्हणजे सेकंदाला एक घनफूट, साधारण २८ लिटर पाणी. ५० हजार क्युसेक दिवसभर चाललं तर सव्वाचार टीएमसीच्या वर जातं.

पाऊस उघडल्यावर हा हिशेब गावच्या ओढ्यावर करून बघावा. (ओढा फुगलेला असताना नव्हे!) सरळ वाहणारी जागा बघून काठावर ४० फुटांच्या अंतरानं दोन खुंट्या ठोका. रुंदी १० फूट भरली, काठीनं चार-पाच ठिकाणी खोली मोजून सरासरी दीड फूट आली, असं धरू. आता वरच्या खुंटीपाशी एक लिंबू सोडा. ते २० सेकंदांत खाली पोचलं तर वेग सेकंदाला २ फूट. पण वरचं पाणी पळतं आणि तळाचं दगडमातीला घासत रेंगाळतं, म्हणून वेग आठ आणे-बारा आणे न करता सरळ ८० टक्के धरावा, म्हणजे १.६ फूट. दहा गुणिले दीड गुणिले १.६, झाले २४ क्युसेक.

आता खरी मेख. रुंदी, खोली आणि वेग यांचा गुणाकार म्हणजे विसर्ग. पाणी तेवढंच राहून वेग मंदावला, तर खोली वाढणारच. सांगलीजवळ हरिपूरला वारणा कृष्णेला मिळते, पुढं नरसोबाच्या वाडीला पंचगंगा. त्या दोघी भरून आल्या की कृष्णेचं पाणी पुढं सरकायला जागा राहत नाही. ते तुंबतं आणि मागं चढतं. म्हणून वरून येणारे क्युसेक तेच असले, तरी एका साली पाणी मळीत थांबतं आणि दुसऱ्या साली घरात शिरतं. सांगलीच्या आयर्विन पुलापाशी धोक्याची पातळी ४५ फूट आहे. ऑगस्ट २०१९ मध्ये पाणी ५७ फुटांच्या वर गेलं होतं.

तेव्हा ज्यांचा ऊस, मोटारी आणि गोठे नदीकाठाला आहेत, त्यांनी एकट्या कोयनेच्या आकड्यावर विसंबू नये. चांदोलीतून वारणेत किती सोडलं आणि कोल्हापूरच्या राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगा किती फुटांवर आहे, हेही विचारावं. तिन्हीकडं चढ असेल, तर मोटारी त्याच दिवशी वर काढाव्यात आणि जनावरं उजेड आहे तोवर हलवावीत.