गोळी न झाडता दबाव कसा आणतात? हैदराबाद संस्थानापासून स्विफ्टपर्यंत

निर्बंध, आयातशुल्क, ॲप-बंदी, खाती गोठवली, स्विफ्टमधून बाहेर काढलं. हे शब्द आता रोजच्या बातम्यांत असतात. पण नेमकं काय होतं? बटण कोण दाबतं, आणि समोरच्याचं काय अडतं?

अमेरिका-रशियाच्या उदाहरणांनी हे समजावता येईल. पण आपल्याकडे त्याहून जवळचं उदाहरण आहे. नोव्हेंबर १९४७ ते सप्टेंबर १९४८ या दहा महिन्यांत भारत सरकार आणि निजामाचं हैदराबाद संस्थान यांनी एकमेकांवर यातली बरीचशी साधनं वापरली. बिलोली, देगलूर, लातूर, उदगीर हा सगळा भाग तेव्हा निजामाच्या राज्यात होता. त्यामुळे हा इतिहास आपल्या आजोबा-पणजोबांनी अंगावर काढलेला आहे. आज फक्त तंत्र बदललंय.

आधी थोडी पार्श्वभूमी

जून १९४७ मध्ये निजामाने जाहीर केलं की आपण भारतात किंवा पाकिस्तानात जाणार नाही, स्वतंत्र राहणार. संस्थानची लोकसंख्या दीड कोटीहून जास्त, स्वतःचं चलन, स्वतःची रेल्वे, स्वतःची जकात. फक्त समुद्रकिनारा नव्हता, आणि चहूबाजूंनी भारत. २९ नोव्हेंबर १९४७ ला दोघांमध्ये एक वर्षासाठी ‘जैसे थे’ करार झाला. लष्करी कारवाई टाळून वाटाघाटी करायच्या, असं ठरलं. मग वाटाघाटींच्या टेबलाखालून एकेक साधन बाहेर यायला लागलं.

साधन १: माल अडवणं

सगळ्यात जुनं आणि समजायला सोपं. समोरच्याला लागणारी वस्तू तुमच्या रस्त्याने जात असेल, तर रस्ता बंद करा. पेट्रोल, मीठ, औषधं, यंत्रांचे सुटे भाग आपल्याकडे येऊ दिले जात नाहीत, अशी हैदराबादची तक्रार होती. आपण सरसकट नाकेबंदी केलीय, हे भारत सरकार मान्य करत नव्हतं. ही आजही नेहमीची पद्धत आहे: साधन वापरायचं, पण त्याला नाव द्यायचं नाही.

अगदी अलीकडचं उदाहरण बघा. मलेशियाचे तेव्हाचे पंतप्रधान महाथीर मोहम्मद यांनी काश्मीर आणि नागरिकत्व कायद्यावरून भारतावर टीका केली होती. ८ जानेवारी २०२० ला भारताने रिफाइंड पामतेलाची आयात ‘मुक्त’ यादीतून काढून ‘प्रतिबंधित’ यादीत टाकली. अधिसूचनेत मलेशियाचं नावही नव्हतं. पण रिफाइंड तेल आपल्याला मुख्यतः कोण विकत होतं, हे सगळ्यांना माहीत होतं.

याचा बिलोलीशी काय संबंध? सोयाबीन. बाहेरून येणारं पामतेल आणि आपल्या सोयाबीनचं तेल एकाच बाजारात विकलं जातं. बाहेरचं तेल महागलं तर सोयाबीनला आधार मिळतो, स्वस्त झालं तर भाव दबतो. कच्च्या खाद्यतेलावरचं मूळ आयातशुल्क सप्टेंबर २०२४ मध्ये शून्यावरून २० टक्के झालं आणि मे २०२५ च्या शेवटी पुन्हा १० टक्क्यांवर आलं. निर्णयामागचं कारण शेतकरी असो, महागाई असो की परराष्ट्र धोरण, त्याचा धक्का मोंढ्यातल्या काट्यापर्यंत येतो.

साधन २: चलन

संस्थानात ‘हाली सिक्का’ चालायचा. साधारण सात हाली रुपये म्हणजे सहा भारतीय रुपये, ज्यांना लोक ‘कलदार’ म्हणायचे. जैसे थे करार झाल्यावर लगेच संस्थानाने वटहुकूम काढला की भारतीय चलन आता इथे कायदेशीर नाही. मौल्यवान धातू भारतात नेण्यावरही बंदी घातली. विचार करा, सोलापूरच्या व्यापाऱ्याशी वर्षानुवर्षं व्यवहार करणाऱ्या माणसाच्या हातातल्या कलदार नोटेला एका कागदाने घरच्याच बाजारात किंमत राहिली नाही.

आज याचं मोठं रूप म्हणजे डॉलर. जगातला बराच व्यापार डॉलरमध्ये होतो आणि डॉलरचे व्यवहार शेवटी अमेरिकी बँकांमधून फिरतात. म्हणून अमेरिकेने ‘नाही’ म्हटलं की तिसऱ्याच देशातली बँकसुद्धा घाबरते. जुलै २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने परदेशी व्यापार रुपयात करण्याची सोय काढली, त्यामागचं एक कारण हेच: दुसऱ्याच्या रस्त्यावरचं अवलंबित्व कमी करणं.

साधन ३: पैसे गोठवणं

हैदराबादने पाकिस्तानला २० कोटी रुपयांचं कर्ज दिलं, आणि तेही भारत सरकारच्याच रोख्यांच्या रूपात. दिल्लीचा संताप होणं साहजिक होतं. त्याच सुमारास खुद्द भारताने फाळणीच्या वाटणीतले ५५ कोटी रुपये काश्मीरच्या संघर्षामुळे पाकिस्तानला द्यायचे थांबवले होते. गांधीजींचं उपोषण चालू असताना १५ जानेवारी १९४८ ला ते द्यायचा निर्णय झाला.

पण खरी गंमत लंडनच्या खात्याची. सप्टेंबर १९४८ मध्ये, संस्थान कोसळत असताना, दहा लाख पौंडांहून थोडी जास्त रक्कम पाकिस्तानच्या लंडनमधल्या उच्चायुक्तांच्या वेस्टमिन्स्टर बँकेतल्या खात्यात गेली. काही दिवसांतच निजामाने ती परत मागितली. बँकेने दोघांनाही दिली नाही. प्रकरण कोर्टात गेलं आणि पैसे तिथेच अडकले. २ ऑक्टोबर २०१९ ला इंग्लंडच्या उच्च न्यायालयाने भारत आणि निजामाच्या वारसांच्या बाजूने निकाल दिला. तोवर ७१ वर्षं झाली होती आणि रक्कम साडेतीन कोटी पौंडांच्या आसपास पोचली होती.

यातून गोठवणं म्हणजे काय ते नीट कळतं. पैसे कोणी लुटत नाही, मालकीही लगेच बदलत नाही. फक्त हलवता येत नाहीत. २०२२ मध्ये रशियाच्या मध्यवर्ती बँकेचे सुमारे ३०० अब्ज डॉलर पाश्चात्त्य देशांनी असेच गोठवले.

साधन ४: नेटवर्कमधून बाहेर काढणं

हे १९४८ मध्ये आजच्या रूपात नव्हतं. स्विफ्ट ही बेल्जियममधली संस्था पैसे पाठवत नाही, बँकांमधले निरोप पाठवते: ‘अमुक खात्यात एवढे जमा करा’. आपण यूपीआय करतो तेव्हा ॲपच्या पोटात पैसे नसतात, ते फक्त सूचना पुढे पाठवतं. तसंच. २०१२ मध्ये इराणच्या आणि २०२२ मध्ये रशियाच्या काही बँकांना स्विफ्टमधून काढलं. त्यांचे पैसे जागेवर राहिले, पण जगाशी बोलायची ठरलेली भाषा बंद झाली. व्यवहार अशक्य होत नाही, पण संथ, महाग आणि भानगडीचा होतो.

२९ जून २०२० ला भारताने गलवानच्या संघर्षानंतर टिकटॉकसह ५९ चिनी ॲप्स बंद केले. वापरलं काय? माहिती तंत्रज्ञान कायद्यातलं कलम ६९-अ. ॲप स्टोअरला सांगितलं काढा, इंटरनेट कंपन्यांना सांगितलं अडवा. इथे भारताच्या ताब्यात असलेला रस्ता म्हणजे आपले कोट्यवधी वापरकर्ते.

साधन ५: जगापुढे गाऱ्हाणं

२१ ऑगस्ट १९४८ ला हैदराबादने संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेकडे तक्रार केली. परिषदेने विषय हातात घेतला १६ सप्टेंबरला. तोपर्यंत भारतीय सैन्य संस्थानात शिरून तीन दिवस झाले होते. १७ सप्टेंबरला निजामाने शरणागती पत्करली आणि पुढे तक्रारही मागे घेतली. साधन चुकीचं नव्हतं, वेळ हातातून गेली होती.

मग हे सगळं चाललं का?

प्रामाणिक उत्तर: अर्धवट. नाकेबंदीने संस्थान बेजार झालं, पण झुकलं नाही. कारण पळवाट होती. सिडनी कॉटन नावाचा ऑस्ट्रेलियन वैमानिक कराचीहून विमानाने शस्त्रं आणत होता, बीदरसारख्या धावपट्ट्यांवर उतरवत होता. शेवटी निर्णय सैन्याने केला.

दबाव सरकारी पातळीवरूनच आला असंही नाही. स्वामी रामानंद तीर्थांच्या नेतृत्वाखालच्या लढ्यात लोकांनी लेव्हीचं धान्य नाकारलं, शिंदीची झाडं तोडली, करोडगिरी नाके उद्ध्वस्त केले. वरवर तोडफोड वाटते, पण नेम महसुलावर होता: शिंदी म्हणजे अबकारी कर, करोडगिरी म्हणजे जकात. ३० जानेवारी १९४८ ची उमरी बँकेची लूट याच काळातली.

आणि किंमत कोणी मोजली? औषध आणि मीठ निजामाच्या महालात आधी संपत नाही, खेड्यात संपतं. रजाकारांचा जुलूम गावांनीच सोसला. कारवाईनंतर मुस्लिम वस्त्यांवर झालेल्या हिंसाचाराची चौकशी करणाऱ्या सुंदरलाल समितीने सर्वाधिक झळ बसलेल्या चार जिल्ह्यांत नांदेड आणि उस्मानाबादची नावं घेतली. लातूर शहर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यातच होतं. ‘बिगर-लष्करी’ म्हणजे ‘बिनरक्ताचं’ असा अर्थ आपोआप होत नाही. ही साधनं फसली की पुढची पायरी जवळ येते.

पुढची बातमी वाचताना विचारा

१. रस्ता खरंच यांच्या ताब्यात आहे का? नसेल तर बंदी फक्त मथळ्यापुरती.
२. समोरच्याकडे दुसरा रस्ता आहे का, आणि तो तयार व्हायला किती वेळ लागेल?
३. मागणी काय आहे? काय केलं की बंदी उठेल हे समोरच्याला माहीत नसेल, तर तो झुकणार तरी कशासाठी?
४. बिल कोणाच्या नावाने फाटणार? बंदी घालणाऱ्या देशातही कोणीतरी पैसे मोजतंच. कधी तेल विकत घेणारं घर, कधी सोयाबीन विकणारा शेतकरी.

पहिल्या तीन प्रश्नांची उत्तरं टीव्हीवरच्या चर्चेत कधीकधी मिळतात. चौथ्याचं उत्तर शोधायला मात्र बाजार समितीचा भावफलक जास्त कामाला येतो.