विश्लेषण : बांबूच्या पोकळीत अंडी घालणारा बेडूक पुन्हा संकटात का आहे?

सव्वाशेहून अधिक वर्षे एक बेडूक कुणाला दिसलाच नाही. तो नामशेष झाला असे मानले जात होते. प्रत्यक्षात तो बांबूच्या पेरात बसलेला होता. त्याचे नाव राओर्चेस्टेस चॅलाझोड्स. लांबी जेमतेम अडीच सेंटिमीटर.

हा बेडूक कुठे आढळतो?

पश्चिम घाटाच्या दक्षिण टोकाला, केरळ-तमिळनाडूच्या डोंगरातील सदाहरित जंगलात. ब्रिटिश शास्त्रज्ञ अल्बर्ट गुंथर यांनी १८७६ मध्ये त्याची पहिली नोंद केली. त्यानंतर तो गायब झाला. दिल्ली विद्यापीठाचे डॉ. एस. डी. बिजू यांच्या पुढाकाराने हरवलेल्या उभयचरांची शोधमोहीम सुरू झाली आणि २०११ मध्ये हा बेडूक पुन्हा सापडल्याचे जाहीर झाले. चमकदार हिरवा रंग आणि राखाडी-निळ्या मांड्या ही त्याची ओळख.

अंडी बांबूतच का?

बहुतेक बेडूक पाण्यात किंवा पाण्याजवळ अंडी घालतात. हा बेडूक जिवंत, उभ्या बांबूच्या कोरड्या पेरात अंडी घालतो. पेराला काही मिलिमीटरचे छिद्र असते, त्यातून तो अंग चोरून आत शिरतो. छिद्र पाडण्याची ताकद त्याच्याकडे नाही, आयते भोक असलेला बांबूच त्याला लागतो. के. एस. शेषाद्री आणि सहकाऱ्यांनी कळक्काड-मुंडनथुरै व्याघ्र प्रकल्पात ही पद्धत अभ्यासली. अंड्यांतून टॅडपोल नव्हे, थेट इवलेसे बेडूक बाहेर पडतात. त्यामुळे डबक्याची गरजच उरत नाही.

राखण कोण करतो?

बाप. नर अंड्यांजवळ थांबतो आणि संध्याकाळी काही तास खाण्यासाठी बाहेर पडतो. संशोधकांनी काही पेरांतून नर बाजूला करून पाहिले, तेव्हा अंडी मोठ्या प्रमाणात नष्ट झाली. खाणारे बरेचदा त्याच जातीचे दुसरे नर होते.

धोका कशाचा?

केरळात 'ईट्टा' म्हणून ओळखला जाणारा हा पातळ बांबू कागदाच्या लगद्यासाठी आणि टोपल्या विणण्यासाठी तोडला जातो. टोपल्यांवर अनेक कुटुंबांचे पोट आहे, त्यामुळे सरसकट बंदी हे उत्तर नाही. पण पावसाळ्यातील विणीच्या काळात तोड झाली, तर अंडी आणि राखणदार नर दोन्ही जातात. छिद्र असलेले बांबू वगळणे आणि विणीच्या काळात तोड थांबवणे, हे व्यवहार्य पर्याय ठरू शकतात. 'आययूसीएन'च्या लाल यादीत ही जात 'अतिसंकटग्रस्त' गटात आहे. २०२३ च्या जागतिक आढाव्यानुसार सुमारे ४१ टक्के उभयचर प्रजाती धोक्यात आहेत.

महाराष्ट्राशी संबंध काय?

याच राओर्चेस्टेस गणातील बेडूक आपल्या सह्याद्रीतही आहेत. २०१३ मध्ये नोंदवलेल्या एका नव्या जातीला पुण्याचे प्राणिशास्त्रज्ञ डॉ. हेमंत घाटे यांच्यावरून 'राओर्चेस्टेस घाटेई' हे नाव मिळाले. या गणातील बेडकांना डबके लागत नसले, तरी ओलावा आणि झाडोरा लागतोच. तो तोडला की त्यांना दुसरीकडे जायला जागा उरत नाही.