एका शाळेचा इतिहास : ७
एक नाव, दोन शाळा

हम्बोल्टच्या १८०९ च्या शालेय योजनेबद्दल या आठवड्यात लिहीन असे म्हटले होते, पण ते पुढच्या आठवड्यावर टाकतो. एका वाचकांचा प्रश्न आधी सोडवल्याशिवाय हम्बोल्टकडे वळण्यात अर्थ नाही. ते विचारतात : कांट १७३२ ते १७४० या काळात कोनिग्झबर्गच्या कॉलेजियम फ्रीडरिशियानुममध्ये शिकला, हिल्बर्ट १८७२ मध्ये तिथे दाखल झाला आणि १८७९ मध्ये बाहेर पडला. दोघेही तिथे सुखी नव्हते. मग ही शाळा दीडशे वर्षे एकच दोष जपत होती, असे का म्हणू नये? माझे उत्तर असे की दोघांनी दोन वेगळ्या शाळा सोसल्या. पाटीवरचे नाव तेवढे एक होते.

कांटचा राग कशावर होता? प्रौढपणीही शाळेचे दिवस आठवले की तो भयाने शहारत असे, त्याला ती गुलामगिरी वाटे, असे त्याचा स्नेही हिपेल नोंदवतो. पण हे भय होते पायटिस्ट शिस्तीचे : सतत प्रार्थना, सतत आत्मपरीक्षण, आपण पापी आहोत याची रोजची उजळणी. लॅटिनवर त्याचा राग मुळीच नव्हता. हायडेनराइख नावाच्या शिक्षकाने त्याला त्या भाषेची अशी गोडी लावली की रुनकेन आणि कुंडे या दोन मित्रांबरोबर तो भाषापंडित होण्याची स्वप्ने पाहत असे. पुढे ग्रंथांवर घालायची लॅटिन नावेसुद्धा तिघांनी ठरवून टाकली होती, त्यात कांटचे ‘कांटिउस’. तिघांपैकी रुनकेन खरोखरच लायडनला नामांकित प्राध्यापक झाला. १७७१ मध्ये कांटला लिहिलेल्या पत्रात तो शाळेची शिस्त कठोर, तरी उपयोगी आणि खंत करू नये अशी होती, असे म्हणतो. शिवाय या शाळेत हालेच्या पद्धतीप्रमाणे प्रत्येक विषयाचा वर्ग मुलाच्या तयारीप्रमाणे ठरे. एकच मुलगा लॅटिनला वरच्या आणि गणिताला खालच्या वर्गात बसू शके. या व्यवस्थेचे मला फार मोल वाटते, कारण हिल्बर्टच्या काळापर्यंत ती उरली नव्हती.

हिल्बर्ट शिकला ते सरकारी साच्यातले गिम्नासियम होते. १८३४ पासून विद्यापीठाचा दरवाजा शालान्त परीक्षेशिवाय उघडत नव्हता, आणि १८३७ च्या प्रशियन अभ्यासक्रमाने सगळ्या इयत्तांचे साप्ताहिक तास मिळून जी २८० ची बेरीज ठरवली, तीत लॅटिनला ८६, ग्रीकला ४२ आणि गणिताला फक्त ३३ तास होते. हिल्बर्टच्या वेळीही तोल जवळजवळ हाच राहिला. पाठांतरात कच्च्या मुलाला हे ओझे जड जाणारच. १८७९ च्या अखेरीस तो विज्ञानाला अधिक जागा देणाऱ्या विल्हेल्म गिम्नासियममध्ये गेला आणि काही महिन्यांत तिथूनच शालान्त झाला.

यावर आक्षेप येईल की लॅटिनचा भार दोन्ही काळांत होताच, मग शाळा बदलली कुठे? भार होता, पण त्याचे कारण पालटले होते. कांटच्या काळी लॅटिन हे विद्वानांच्या रोजच्या वापरातले साधन होते. १७७० मध्ये प्राध्यापकपद स्वीकारताना त्याला प्रबंध लॅटिनमध्येच लिहावा लागला. हिल्बर्टने १८८५ ची पदवी मिळवली ती जर्मनमध्ये लिहिलेल्या प्रबंधावर. म्हणजे जी भाषा त्याला शाळेत सर्वाधिक तास घोटावी लागली, तिची गणितज्ञ म्हणून त्याला गरजच पडली नाही. साधन म्हणून उरलेली नसताना ती वेळापत्रकात अग्रभागी राहिली, कारण आता तिच्याकडून मनाची घडण अपेक्षित होती. पायटिस्टांनी लॅटिनवर असा भरवसा कधीच टाकला नव्हता. मनाची घडण त्यांच्या लेखी प्रार्थनेतून होत असे, आणि ग्रीकही ते मुख्यतः बायबलच्या नव्या कराराच्या आधारे शिकवत. प्रार्थनेची जागा व्याकरणाने घेतली, आणि दुसऱ्या शाळेचा जन्म मी तिथे मानतो.

हा पालट एका दिवसात झाला नाही. १८१० मध्ये गोटहोल्ड संचालक झाला आणि १८५२ पर्यंत त्या खुर्चीवर राहिला. हम्बोल्टची कागदावरची योजना त्याच्या हाताखाली वर्गात कशी उतरली, ते पुढच्या आठवड्यात.