नवतपा आणि काचेतलं कासव

अकोला-अमरावतीत नवतप्यात, म्हणजे मेअखेरीपासूनच्या कडक उन्हाच्या नऊ दिवसांत, पारा ४५ अंशांपुढे जातो. कासवाला घाम येत नाही. सावली किंवा गार पाणी गाठणं हाच त्याचा मुख्य उपाय. खिडकीतल्या काचेच्या टाकीत तोही उरत नाही.

कासव तोंड उघडून धापा टाकतंय, तोंडाला फेस आलाय, मान-पाय लुळे पडलेत? मग:

🐢 लगेच सावलीत, हवेशीर खोलीत हलवा.
🐢 साध्या, उथळ पाण्यात ठेवा, नाक-तोंड बाहेर. गच्चीवरच्या टाकीचं तापलेलं पाणी नको.
🐢 बर्फ, फ्रिजचं पाणी नको. तोंडात पाणी ओतू नका.
🐢 सावरलं तरी पशुवैद्यकाकडे न्या.

स्टार कासव किंवा धामण पाळणं मात्र १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने गुन्हा आहे. उन्हात निपचित साप दिसला, तर हात लावू नका. वनविभागाला १९२६ वर कळवा.