हिरडा, हिराकस आणि काळी शाई
हिरड्याच्या पिवळट काढ्यात चिमूटभर हिराकस टाकला की काढा बघता बघता काळानिळा होतो. हिराकस म्हणजे लोहाचे सल्फेट. त्याचे खडे फिकट हिरवे असतात, उघडे राहिले की तपकिरी पडतात.

हिरड्यात टॅनिन ही तुरट द्रव्ये भरपूर असतात. हिरडा चावल्यावर तोंड आवळते, कारण ती लाळेतल्या प्रथिनांना धरून बसतात. कातड्यातल्या प्रथिनांनाही ती अशीच धरतात आणि कातडे कुजायचे थांबते. म्हणून तर चामडे कमावणाऱ्यांना हिरडा लागतो. जुन्नर-आंबेगावच्या डोंगरांतली आदिवासी कुटुंबे तो गोळा करून विकतात. कोवळा वाळवलेला बाळहिरडा मात्र वेगळा, त्याला भाव जास्त.

हिरडा आणि हिराकस मिसळून केलेल्या शाईतले टॅनिन आणि लोह यांचे संयुग आधी काहीसे फिके असते. हवेतला ऑक्सिजन मिळाला की लोह फेरसचे फेरिक होते आणि रंग गडद, पक्का होतो. अशी शाई कागदाच्या तंतूंत मुरते, सहसा पुसली जात नाही. पण तिच्यात गंधकाम्लही तयार होते आणि ते कालांतराने कागद खाते. युरोपात हीच शाई मायफळापासून करत. तिथल्या काही जुन्या हस्तलिखितांत आज अक्षरांच्या जागी भोके आहेत. आपल्या पोथ्यांची काजळाची शाई याबाबतीत निरुपद्रवी.

श्रीकाळहस्तीचे कलमकारी कारागीर हिराकसाऐवजी गंजके लोखंड गुळाच्या पाण्यात आंबवतात आणि हिरडा-दुधात भिजवून वाळवलेल्या कापडावर त्या पाण्याने काळ्या रेषा काढतात.