बाँब-पुस्तिका

बाँब-पुस्तिका : स्फोटके तयार करण्याची रीत सांगणारी, विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात भारतीय क्रांतिकारकांत गुप्तपणे फिरलेली टंकलिखित इंग्रजी पुस्तिका. तिला ना छापखाना होता, ना प्रकाशक. ती मिळविणाऱ्यांत पारनेरचे (जि. अहमदनगर, आता अहिल्यानगर) पांडुरंग महादेव तथा सेनापती बापट (१२ नोव्हेंबर १८८०–२८ नोव्हेंबर १९६७) हे प्रमुख होत.

बापट १९०४ मध्ये शिष्यवृत्तीवर एडिंबरो येथे अभियांत्रिकी शिकण्यास गेले. ब्रिटिश राजवटीवर केलेल्या टीकेमुळे ती शिष्यवृत्ती बंद झाली आणि ते लंडनच्या ‘इंडिया हाउस’मधील मंडळींत आले. पुढे पॅरिस येथे त्यांनी व बंगालचे हेमचंद्र दास (कानुनगो) यांनी रशियन निर्वासित क्रांतिकारकांकडून ही विद्या व तिची पुस्तिका मिळविली. मूळ रशियन मजकूर इंग्रजीत उतरविण्यात आला आणि त्याच्या प्रती काढून भारतात धाडण्यात आल्या.

मुझफरपूर येथे ३० एप्रिल १९०८ रोजी न्यायाधीश किंग्जफर्ड यांच्यासाठी टाकलेल्या बाँबने केनेडी कुटुंबातील दोन निरपराध स्त्रियांचा बळी घेतला. पुस्तिकेचा विचार करताना ही घटना दृष्टिआड करता येत नाही. त्यानंतर कलकत्त्याच्या माणिकतळा बागेच्या झडतीत पुस्तिकेची एक प्रत सापडली. नाशिकला गणेश दामोदर (बाबाराव) सावरकर यांच्या घरी १९०९ मध्ये मिळालेली प्रत अधिक परिपूर्ण होती. तीत दाट टंकलेखनाची ६० पृष्ठे व ४५ आकृत्या होत्या, अशी नोंद रौलट समितीच्या अहवालात (१९१८) आहे. मात्र त्याच वर्षी २१ डिसेंबरला नाशिकचे कलेक्टर जॅक्सन यांचा वध झाला, तो पिस्तुलाने. एवढी जोखमीची पुस्तिका महाराष्ट्रात प्रत्यक्ष कृतीपेक्षा पुराव्याच्या रूपानेच अधिक गाजली, असे म्हणावे लागते.

सरकारने ८ जून १९०८ रोजी स्फोटक द्रव्यांविषयीचा आणि वृत्तपत्रांतील चिथावणीविषयीचा असे दोन कायदे एकदमच केले. बाँब ही बंदुकीसारखी परवान्याने आवरता येणारी वस्तू नसून ते एक ज्ञान आहे, हा टिळकांच्या केसरीतील युक्तिवाद याच सुमाराचा. या लेखांबद्दल त्यांना सहा वर्षांची शिक्षा झाली. तथापि पुस्तिका हातोहात नकलली जात असल्याने छापखान्यावरील निर्बंध तिला लागूच पडत नव्हते.

माणिकतळ्याच्या धरपकडीनंतर बापट भूमिगत झाले. १९१२ मध्ये ते पकडले गेले. सुटकेनंतर त्यांनी पारनेर येथे पहाटे उठून रस्ते झाडण्याचे व्रत घेतले. ‘सेनापती’ हे नाव त्यांना मुळशी सत्याग्रहामुळे (१९२१–२४) मिळाले.