आसरांचा काठ

विट्याचं नाव निघालं की यंत्रमाग आठवतात, द्राक्षबागा आठवतात आणि देशभरच्या शहरांत सोन्याचांदीची गलाई करणारी माणसं आठवतात. पाणी कुणालाच आठवत नाही. माणसं गलाईला बाहेर पडली त्यामागे पावसाची ओढ हे मोठं कारण होतं. सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतला हा पट्टा, वर्षाकाठी जेमतेम 500-600 मिलिमीटर पावसाचा. आणि याच मुलखात, विट्याच्या उत्तरेला सुमारे 20 किलोमीटरवर, मायणीच्या तलावात थंडीत रोहित पक्षी उतरत आले आहेत. तलाव ब्रिटिशांच्या काळातला, येरळेला मिळणाऱ्या चांद नदीवरचा. वर खटाव तालुक्यात येरळवाडी आणि सूर्याचीवाडीचे तलावही याच पाहुण्यांचे.

ज्या मातीनं माणसाला पोटासाठी परमुलखात धाडलं, तिच्यावर हे पक्षी पोट कसं भरतात? याचं उत्तर तलावाच्या काठावर आहे. त्या काठाची मालकी मात्र आपल्याकडे फार पूर्वीच कुणाच्या तरी नावे लागलेली आहे.

विहीर, डोह, तळं, ओढा. पाणी साठलं की तिथं साती आसरा, पाण्याच्या सात देवता, आल्याच. देवळाचा थाट नसतो. पाण्यालगत ओळीनं मांडलेले सात गोटे, शेंदूर फासलेले, पुढं हिरव्या बांगड्या, खण, हळदकुंकू, दहीभाताचा नैवेद्य. जवळपास बहुधा म्हसोबाही असतो. दुपारी बाराला आणि तिन्हीसांजेला पाण्यावर एकट्यानं जायचं नाही, ओल्या बाळंतिणीनं तर नाहीच. गेलीच तर आसरा धरतात. इतिहासकार दामोदर धर्मानंद कोसंबींनी गावोगाव हिंडून मातृदेवतांचा माग काढला तेव्हा या आसराही त्यांच्या नजरेतून सुटल्या नाहीत. धर्माच्या अभ्यासक ॲन फेल्डहाउस यांनी 1995 साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात महाराष्ट्रातल्या नद्या आणि स्त्रीत्व यांचं नातं मांडलं, त्यातही आसरांना मानाची जागा आहे. पोर देणाऱ्या आणि पोर नेणाऱ्याही त्याच, असा त्यांचा दुहेरी स्वभाव.

आसरांनी पर्यावरण राखलं, असं हल्ली कुणीही सहज लिहून टाकतं. मला ते पटत नाही. या श्रद्धेच्या मुळाशी बुडालेली लेकरं आहेत, बाळंतपणात गेलेल्या बाया आहेत. तिथं पक्ष्यांचा विचार कुणी केला नव्हता. पण एक गोष्ट त्या लोकांनी नेमकी ओळखली होती. पाण्याला जीव आहे, आणि तो जीव काठावर जागा असतो.

जीवशास्त्राचं म्हणणं याहून फार वेगळं नाही. उन्हाळ्यात तलाव मागं हटतो, उघड्या गाळाला हातभर भेगा पडतात, वरची पापडी पायाखाली कुडकुड वाजते. पाहणाऱ्याला वाटतं, सगळं संपलं. त्या गाळात मात्र पाणपिसवांसारख्या सूक्ष्म जीवांची अंडी टणक कवचात निपचित पडलेली असतात, आणि ती वर्षानुवर्षं तशी राहू शकतात. पाणी चढलं की त्यातून जीव बाहेर पडतात, शेवाळ धरतं, चिखलात डासमाश्यांच्या अळ्या वळवळू लागतात. थंडीत पाणी पुन्हा उतरायला लागलं की हे सगळं अन्न उथळ पाण्यात चोचीच्या टप्प्यात येतं.

रोहित खातो कसा, हे दुर्बिणीतून एकदा तरी बघावं. मान खाली सोडून तो डोकं उलटं करतो, म्हणजे चोचीचा वरचा भाग खाली जातो. पायांनी चिखल ढवळायचा, जाड जिभेच्या झटक्यांनी पाणी आत ओढायचं आणि बाहेर सोडायचं, असा उद्योग न थांबता चाललेला असतो. चोचीच्या कडेला बारीक दातऱ्यांची झालर असते. तिच्यात जीव अडकतात, पाणी निथळून जातं. त्याचा गुलाबी रंगसुद्धा याच अन्नातून येतो, शेवाळातली रंगद्रव्यं पिसांत उतरतात. तळं तुडुंब भरलेलं असेल तर हा चिखल खोल जातो आणि पक्षी दुसरीकडे वळतात. भिगवणला उजनी धरणाचं पाणी ओसरून गाळ उघडा पडतो तेव्हाच तिथं रोहितांची गर्दी होते, हा रोकडा पुरावा आहे.

आता कायद्याकडे. 2017 च्या पाणथळ जागांच्या नियमांनी सिंचनासाठी आणि पिण्याच्या पाण्यासाठी बांधलेले तलाव व्याख्येतूनच वगळले. आपल्या दुष्काळी भागात तर बहुतेक पाणथळ जागा माणसानंच बांधलेल्या! त्यांना वाली कोण? मायणीपुरतं उत्तर वन्यजीव कायद्यातून निघालं. 2021 साली मायणी, येरळवाडी, सूर्याचीवाडी परिसराला ‘मायणी समूह पक्षी संवर्धन राखीव’ हा दर्जा मिळाला, क्षेत्र सुमारे साडेआठ चौरस किलोमीटर. शिकारीला आणि अतिक्रमणाला त्यानं आळा बसेल, आणि ते स्वागतार्हच आहे.

पाण्याची पातळी मात्र या दर्जाच्या हातात नाही. कृष्णेचं पाणी उचलून टेंभू योजनेनं खानापूर-आटपाडीचं रूप पालटलं; जिहे-कठापूर योजनेतून ते नेर तलावात आणि येरळेच्या खोऱ्यात पोचलं. पिढ्यान्‌पिढ्या टँकरची वाट पाहिलेल्या माणसाच्या शेतात पाणी आलं, याचा आनंद मला कुठल्याही पक्ष्याहून मोठा वाटतो. पण नदीत पाणी सोडायचं वेळापत्रक माणसाच्या गरजेनं ठरतं, आणि जो तलाव पूर्वी थंडीत आपोआप उतरायचा तो नेमका त्याच दिवसांत भरून ठेवता येऊ लागला आहे. दुसरीकडे गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार ही 2017 ची योजना. शेताला तो गाळ सोन्यासारखा, यात वाद नाही. तळ्याच्या खोलगट भागातून तो खुशाल काढावा. सपाट, उथळ कडेवर यंत्र फिरलं, उतार उभा झाला, तर त्या तलावात पाणी राहील आणि काठ जाईल.

पाणी सोडणं जलसंपदा विभागाकडे, पक्षी वन विभागाकडे, मासेमारीचा ठेका आणखी कुणाकडे. राखीव क्षेत्राचा आराखडा करताना या सगळ्यांना एका टेबलाशी बसवून एक साधी गोष्ट ठरवावी लागेल: डिसेंबर ते मार्च या महिन्यांत कोणत्या तलावाची पातळी किती उतरू द्यायची. तीन तलावांपैकी एक जरी दर वर्षी आळीपाळीनं उथळ ठेवला, तरी शेतकऱ्याचं आवर्तन चुकणार नाही आणि रोहितांना उतरायला जागा राहील.